सोनखडीचं खाजरं अळू

त्या दिवशी सोनखडीत दुपारची जेवणं झाली आणि सगळे गप्प झाले. एरवी जेवणघरात भांड्यांपेक्षा माणसांचा आवाज जास्त. आज जो तो घसा खाकरत होता, ओठ चोळत होता. पाणी प्यालं तरी बारीक काटे टोचल्यासारखं व्हायचं.

सोनखडी म्हणजे चंद्रावरची मराठी माणसांची लहानशी वस्ती. जाड पारदर्शक घुमटाखाली घरं, शाळा, जेवणघर, आणि सगळ्यात शेवटी अळूचा लांबट वाफा. चंद्रावर पाण्याचा थेंबसुद्धा वाया घालवायची सोय नाही. म्हणून सगळ्या मोऱ्यांचं पाणी, आंघोळीचं, कपड्यांचं, भांड्यांचं, त्या वाफ्यात सोडलेलं. कोकणात मोरीमागे पाणी सांडतं तिथे अळू लावायचं, हे ज्यांच्या घरी पिढ्यान् पिढ्या चालत आलं त्या लोकांनी ही वस्ती बांधली. इथे काय लावायचं यावर त्यांनी फार चर्चा केली नसणार. अळू ते पाणी पिऊन तरारायचं. उरलेलं पाणी माती-वाळूतून झिरपत पुढे जायचं, मग गाळणीतून आणि उकळीतून जाऊन पिण्याच्या टाकीत.

वाफ्याची राखण यमू शिरसाटकडे होती. यमू दहा वर्षांची. पिवळी पानं खुडणं, पिल्लं म्हणजे बाजूला फुटलेली रोपं वेगळी लावणं, हे तिचं रोजचं काम. मालवणहून इकडे आल्यावर पहिले काही महिने तिला झोप लागत नसे. तेव्हा ती या वाफ्याशी येऊन बसायची. पानावरचे थेंब मोत्यांसारखे गडगडायचे, पण चंद्रावर सगळं सावकाश, तसे तेही सावकाश गडगडायचे. ते बघता बघता मन निवायचं.

"आज चटणीत काय होतं?" वस्तीप्रमुख पिंगेबाईंनी घोगऱ्या आवाजात विचारलं.

"अळू," बल्लव म्हणाला. बल्लव हा जेवणघराचा यंत्रमानव. उंच, पोटाशी कप्पे असलेला, बोलायला अतिशय नम्र. "पालक संपला होता. माझ्या तक्त्यात पालक आणि अळू यांची माहिती जवळपास सारखी आहे. लोह सारखं, कॅल्शियम सारखं, ऑक्झलेट नावाचा क्षारही सारखा. म्हणून पालकाच्या जागी अळू वाटलं."

"कच्चं?"

"पालकही कच्चाच वाटतो. मला घसा नाही, त्यामुळे फरक कळला नाही. क्षमा असावी."

कुणीतरी हसायला गेलं आणि खोकलं.

"पानं तपासलीस?"

"तपासली. नेहमीसारखी. पान बारीक वाटलं, तीव्र आम्लात (फार जहाल आंबट द्रवात) पूर्ण विरघळवलं आणि त्यात काय काय आहे ते मोजलं. अपायकारक काही नाही. ऑक्झलेट आहे, पण तेवढं पालकातही असतं. पालक खाऊन आजवर कुणी तक्रार केलेली नाही."

पिंगेबाई विचारात पडल्या. "म्हणजे पानात काही नाही. मग दोष पाण्यात. गेल्या खेपेला नवा साबण आलाय तो सगळे वापरतायत. त्यातलं काही ओळखतोस?"

"त्या साबणाची माहिती माझ्याकडे अजून आलेली नाही."

"तेच. आणि वाफ्याखालचं पाणी उद्या सकाळी पिण्याच्या टाकीत सुटणार." त्यांनी सगळ्यांकडे बघितलं. "संध्याकाळी वाफा उपसायचा. अळू मुळासकट काढायचं, माती टाकायची, पाणी बाहेर सोडून द्यायचं."

यमू पुढे झाली. "पण बाई, कच्चं अळू खाजतंच की. सगळ्यांना माहीत आहे."

"मलाही माहीत आहे गं. माझी आईसुद्धा हाताला तेल लावल्याशिवाय अळू चिरत नसे. पण खाजतं म्हणून खाजतं, हे कारण झालं का? उद्या त्या पाण्यानं कुणाचं लेकरू आजारी पडलं, तर मी काय सांगू? लोक म्हणायचे म्हणून पाणी सोडलं?" त्या रागावल्या नव्हत्या. "संध्याकाळच्या आत मला कारण दाखव. मग वाफ्याला हात लावणार नाही."

यमू तडक अण्णाआजोबांच्या खोलीत गेली. अण्णाआजोबा म्हणजे तिच्या आईचे वडील. वनस्पतिरसायन (झाडं कोणकोणते पदार्थ तयार करतात त्याचा अभ्यास) यात त्यांचं उभं आयुष्य गेलेलं. आत्ता मात्र ते गुळाचा खडा गालात धरून बसले होते.

"आजोबा, अळू नि पालक यांच्यात एकच पदार्थ, तोही तेवढाच. मग एक खाजतं नि दुसरं नाही, हे कसं?"

आजोबांनी खडा या गालातून त्या गालात घेतला. "तवा कशाचा?"

"लोखंडाचा."

"जुन्या काळची शिवायची सुई?"

"तीही लोखंडाचीच."

"तव्यावर बोट टेकलं तर टोचतं?"

"तापलेला नसला तर नाही."

"बरं. आता तुझ्या बल्लवनं तवा नि सुई दोन्ही भट्टीत वितळवले आणि मग मोजलं. काय सांगेल तो?"

"लोखंड, नि लोखंड," यमू म्हणाली, आणि बोलता बोलता थांबली. "आजोबा, त्यानं पानसुद्धा विरघळवलं आधी."

"तेच म्हणतोय मी. जा, न विरघळवता बघ."

यमूनं अळूचा कोवळा देठ घेतला. त्याची इतकी पातळ चकती कापली की तिच्यातून पलीकडचं दिसावं. ती पाण्याच्या थेंबात ठेवून सूक्ष्मदर्शकाखाली (बारीक वस्तू मोठी करून दाखवणाऱ्या यंत्राखाली) सरकवली. बल्लव मागे येऊन उभा राहिला.

आधी नुसतं हिरवट धुकं. मग पेशी (सजीवांचं शरीर ज्यांचं बनतं ते इवले कप्पे) दिसू लागल्या, मधमाश्यांच्या पोळ्यासारख्या एकाला एक लागून. बहुतेक कप्पे साधे होते. पण अधूनमधून एखाद्या कप्प्यात काहीतरी चमकत होतं. यमूनं भिंग फिरवलं. लांब, सरळ, दोन्ही टोकांना अणकुचीदार काड्या. एक नाही, दोन नाही, जुडगेच्या जुडगे. सरपणाची मोळी बांधावी तशा कप्प्यात दाबून भरलेल्या. तिनं काचपट्टी जराशी दाबली, तर एक कप्पा टोकाशी फुटला आणि आतल्या काड्या सपासप बाहेर सुटल्या.

"बाप रे," यमू पुटपुटली.

"यांना रॅफाइड म्हणतात," आजोबा मागून म्हणाले. त्यांनाही खोलीत बसून राहवलं नव्हतं. "ग्रीक भाषेतल्या सुईच्या शब्दावरून आलेलं नाव. कॅल्शियम ऑक्झलेटचे सुईसारखे स्फटिक (ठरावीक आकारात गोठलेले कण). पान चावलं की या सुया सुटतात नि जिभेत, घशात रुततात. किड्यानं खाऊ नये, गुरानं तोंड लावू नये, म्हणून अळूबाईची ही तयारी." आणि घसा दुखत असतानाही त्यांनी सूर लावला:

"अळूबाईच्या ग घरी, सुयांची ग भरली मोळी
शिवायाची नाही तिला, कुणाची ग खणचोळी."

"हे कुणाचं?"

"आत्ताच केलं. घसा दुखतोय म्हणून दोनच ओळी."

बल्लवनं पालकाचा तुकडा मागितला, पण पालक संपलेला. त्यानं जुनं चित्र काढून दाखवलं. पालकाच्या पेशीतही स्फटिक होते, पण एकमेकांना चिकटून त्यांचे बोथट गोळे झालेले, गच्च मिटलेल्या फुलासारखे. "पदार्थ तोच," तो म्हणाला. "मग यांनाही रॅफाइड म्हणायचं का?"

"नाही," आजोबा म्हणाले. "यांना ड्रूज म्हणतात. हे बघ, रॅफाइड हे पदार्थाचं नाव नव्हे, पदार्थानं घेतलेल्या रूपाचं नाव आहे. पालकात कॅल्शियम ऑक्झलेट आहे म्हण, बरोबर. पालकात रॅफाइड आहेत म्हणालास, तर चूक. अळूत आहेत, सुरणात आहेत, अननसात आहेत. आणि चमचाभर रॅफाइड आम्लात विरघळवून मोजले असं म्हणालास तर…"

"तर मोजायच्या आधीच ते रॅफाइड राहिले नव्हते," बल्लव सावकाश म्हणाला. "मी सकाळी तेच केलं."

यमूला वाटलं, झालं काम. निघता निघता तिच्या मनात आलं, शिजवलेलं अळूही बघावं, म्हणजे त्यात सुया नाहीत हे दाखवता येईल. गार पेटीत गेल्या आठवड्यातलं फतफतं होतं. चिंच, गूळ, शेंगदाणे घालून केलेली अळूची पातळ भाजी. वाट्या वाट्या खाल्ली होती सगळ्यांनी, एकाचाही घसा दुखला नव्हता. तिनं थेंबभर काचपट्टीवर घेतली.

सुया होत्या. मोळ्या सुटून विखुरलेल्या, पण तशाच लांब, तशाच टोकदार.

यमूनं भिंग फिरवून पुन्हा बघितलं. पिंगेबाईंना यातलं काही माहीत नव्हतं. कच्च्या अळूतल्या सुया दाखवल्या की पुरे होतं. वाफा वाचला असता.

सूक्ष्मदर्शक घेऊन तिघं पिंगेबाईंच्या खोलीत गेली. बाईंनी भिंगातून पाहिलं, पुन्हा पाहिलं, आणि मान डोलावली. "हे टोचणारच. छान शोधलंस. ठीक आहे, वाफा…"

"बाई, थांबा." यमू म्हणाली. "शिजवलेल्या अळूतपण सुया आहेत. आत्ताच बघितल्या. तरी ते खाजलं नव्हतं. का, ते मला कळत नाही."

पिंगेबाई मागे टेकून बसल्या. "म्हणजे नुसत्या सुयांनी भागत नाही. आणखी काहीतरी लागतं. आणि ते काहीतरी साबण असू शकतं."

"असू शकतं," यमू कशीबशी म्हणाली.

आजोबा मात्र खूश दिसत होते. "अर्धी गोष्ट तिनं शोधली, उरलेली मी सांगतो. नुसती सुई टोचली तर जरासं दुखतं नि थांबतं. पण सुईवर काही लावलेलं असेल तर? अळूच्या रसात एक प्रथिन असतं, दुसऱ्या प्रथिनांना कापणारं. सुया वाट करून देतात आणि हे प्रथिन आत शिरून आग करतं, असं बऱ्याच प्रयोगांत दिसलंय. चांगलं रटरट शिजवलं की ते प्रथिन बिघडतं, अंड्याचा पांढरा भाग उकळल्यावर बदलतो ना, तसं. सुया उरतात, पण त्यांच्यावरचं विष गेलेलं."

"हे झालं तुमचं म्हणणं, अण्णा. साबण नाही हे कशावरून?"

यमू खिडकीबाहेर बघत होती. तिकडे शाळेची ओसरी दिसत होती, आणि ओसरीवर एका कुंडीत मुलांनी धड्यासाठी लावलेलं अळू. त्याला मोरीचं पाणी कधीच घातलेलं नव्हतं. मुलं पिण्याचं पाणी घालायची.

"बाई," ती म्हणाली, "तीन थेंब लावून बघता येईल. एक वाफ्यातल्या नुसत्या पाण्याचा. साबण दोषी असेल तर तो खाजेल. दुसरा शाळेच्या कुंडीतल्या अळूच्या कच्च्या रसाचा. त्यानं साबण बघितलेलाच नाही. आणि तिसरा वाफ्यातल्या अळूचा, पण खूप उकळलेला. उकळल्यानं प्रथिन बिघडतं, साबण काही नाहीसा होत नाही."

"कुणाच्या हातावर?"

"माझ्या," यमू म्हणाली.

"मुळीच नाही." पिंगेबाईंनी बाही वर सारली. "निर्णय माझा, तर हातही माझा."

बल्लवनं रस उकळून गार करून आणला आणि मनगटाच्या आतल्या नाजूक कातडीवर अंतराअंतरानं तीन थेंब चोळले. सगळे त्या हाताकडे बघत बसले. पिंगेबाईंनी दुसऱ्या हातानं चहा प्यायला, हिशेबाच्या दोन गोष्टी केल्या. मग बोलता बोलता त्यांचं बोट आपोआप मधल्या जागेवर गेलं.

"कुठला हा?"

"शाळेच्या कुंडीतला. कच्चा," बल्लव म्हणाला.

"नि हे दोन?" त्यांनी इकडे तिकडे दाबून बघितलं. तिथली कातडी होती तशीच होती. मधला ठिपका मात्र लाल होत चालला होता. "मुलांचं अळू भलतंच गुणी निघालं," त्या हात खाजवत म्हणाल्या. "अण्णा, तेल आहे का तुमच्याकडे? यमू, वाफा राहील. पाणी मी साबणाची माहिती येईपर्यंत टाकीत सोडणार नाही, तेवढी सबुरी हवी. पण अळू कुणी उपसायचं नाही." मग जरा थांबून म्हणाल्या, "शिजवलेल्याचं सांगितलंस, ते बरं केलंस. नाहीतर मी अर्ध्या कारणावर सही केली असती."

वाफ्यापर्यंत यमू चालत गेली की तरंगत, हे तिचं तिलाच कळलं नाही. आजोबा तिच्यामागून हळूहळू आले.

"आजोबा, मग फतफत्यात चिंच कशाला घालतात? शिजवलं की झालं ना?"

"लोक म्हणतात, आंबटानं सुया विरघळतात. पण तू बघितल्यास ना, चिंच घालूनही होत्या. बल्लवच्या आम्लापुढे चिंच फारच सौम्य. मग ती नेमकं काय करते, हे मला पक्कं सांगता येणार नाही."

"तुम्हाला नाही येत?"

"मला नाही. आणि पुरतं कुणालाच आलंय असं ऐकलं नाही."

यमूचे डोळे चमकले. तिनं एक जून पान खुडून घेतलं आणि जेवणघराकडे वळली. तिथे तिच्या सांगण्यावरून बल्लवनं दोन पातेली मांडली. एकात नुसतं पाणी, दुसऱ्यात चिंचेचा कोळ. यमूनं पान त्याच्या हातात दिलं. सवयीनं त्याचा हात वाटायच्या भांड्याकडे गेला, आणि तिथेच थबकला.

"आधी आहे तसं बघू," बल्लव म्हणाला, आणि पान अलगद भिंगाखाली ठेवलं.