काचेमागची गाडी

शुद्धलेखनाच्या चुका होतील, त्या पोटात घाला. मी सातवीतच शाळा सोडली. मोठे शब्द मला येत नाहीत. जे झालं ते साध्या शब्दांत सांगतो.

मी चित्रांना फ्रेम करण्याच्या दुकानात काम करतो आणि रात्री तिथंच झोपतो. मागे एकदा एक म्हातारे चित्रकार त्यांचं चित्र घेऊन आले. अंधारातून चाललेली रात्रीची गाडी. सगळ्या खिडक्या काळ्या, फक्त एकीत दिवा, आणि तिथं बाहेर बघत बसलेली एक बाई. ती त्यांची बायको. तरुणपणी शेवटच्या गाडीनं बहिणीकडे निघाली, ती तिथं पोहोचली नाही आणि परतही आली नाही.

"जाणकार म्हणतात, तुमची गाडी म्हणजे प्रेम आणि विरह," ते हसून म्हणाले. "अरे, गाडी म्हणजे गाडी. ती तिच्यात बसलीय, एवढंच. हे माझ्या खाटेसमोर लावणार आहे. तिला उतरावंसं वाटलं तर तिथं उतरेल. काच मात्र बसवू नकोस, बाळा. बंद खिडकीत तिचा जीव गुदमरतो."

मी हो म्हणालो. मालक मला नेहमी टोमणा मारतात, तुझ्या तोंडात 'हो' सोडून दुसरा शब्दच नाही. पण काचेशिवाय चित्र दुकानाबाहेर जात नाही, ही शिस्तही त्यांचीच. हाताला सवय पडलेली. काच बसवली, मागून पुठ्ठा ठोकला, कडेनं कागदी पट्टी चिकटवली, आणि मग आठवलं. म्हटलं, सकाळी काढू.

रात्री टकटक ऐकू आली. नखानं करावी तशी, थांबून थांबून. आधी उंदीर वाटला. मग कोळशाच्या धुराचा आणि ओल्या लोखंडाचा वास आला. आमच्या गावाला तर रूळच नाहीत. दिवा लावला. चित्राच्या काचेवर वाफ धरली होती. बाहीनं पुसली, पुसेना. वाफ आतून होती. माझ्या डोळ्यांदेखत ती त्या एका खिडकीपुरती हळूच पुसली गेली...

कुणी गुदमरतंय हे कळल्यावर बघत कसं बसायचं? पक्कड घेतली, पुठ्ठ्याचे बारीक खिळे उपटले, काच बाजूला केली. गार वारा आला आणि दिवा गेला. अंधारात, अगदी जवळून, दमलेल्या आवाजात कुणीतरी विचारलं, "स्टेशन... आलं का?"

मला माणसांशी बोलायला जमत नाही.

"हो," मी म्हणालो.

सकाळी चित्र त्यांच्या घरी नेलं. खाटेसमोरची भिंत पुसून ठेवली होती, खिळाही ठोकला होता. खाटेवर दोन उशा होत्या. त्यांनी चित्र उजेडात धरलं. खिडकीतला दिवा तसाच होता. खिडकी रिकामी होती.

ते रागावले नाहीत. एवढंच म्हणाले, "कुठं उतरली रे?"

मी चित्र खिळ्याला अडकवलं. तसाच दुकानात परतलो. मालक अजून यायचे होते. जमिनीवर लाकडाचा भुसा पसरलेला, आणि त्यात कामाच्या टेबलापासून अनवाणी, लहानशी पावलं उमटलेली. ती माझ्या अंथरुणापर्यंत गेली होती. तिथून पुढे एकही नव्हतं, परत फिरलेलंही नव्हतं.

त्या सकाळी मी केर काढला नाही. अंथरूणही गुंडाळलं नाही.