इरावतीबाईंनी केस काळे करणं सोडलं

सकाळी फोन आला तेव्हा निरीक्षक संघमित्रा तायडे पोलीस ठाण्यातल्या खुर्चीवर पाय सोडून बसली होती. सभेचा बंदोबस्त पहाटे संपला होता. घरी जाऊन अंघोळ करावी एवढीच तिची इच्छा होती, आणि तेवढीही पुरी होणार नव्हती.

"मॅडम, मुलुंड पूर्वेला एक बाई गेल्यात," हवालदार शिवदास म्हणाला. "झोपेच्या गोळ्या. आणि बाई कोण माहितीये? इरावती सामंत."

"त्या सिनेमातल्या?"

"त्याच ना! त्यांचा पिक्चर लागला की आमची आई आम्हाला जेवायला वाढायची नाही."

संघमित्राने चपला चढवल्या. या आठवड्यातली ही तिसरी आत्महत्या. माणसं एवढी कंटाळली असतील तर मी कुणाकुणाला पुरणार, असं तिच्या मनात आलं. मोठ्याने म्हणण्यात अर्थ नव्हता.

सोसायटी जुनी, चार मजली, लिफ्ट नसलेली. तिसऱ्या मजल्यावरच्या खोलीत इरावतीबाई पलंगावर उताण्या निजलेल्या होत्या. भांगापाशी केस पांढरेशुभ्र, कपाळ मोकळं. शेजारच्या टेबलावर गोळ्यांची तीन रिकामी पाकिटं, चष्मा आणि मोबाइल. बाकी काही नाही.

शिवदास दारातच थबकला. "मॅडम, या त्या नाहीतच. केवढ्या म्हाताऱ्या दिसतायत."

एके काळी या बाईंच्या अंबाड्यासारखा अंबाडा घालायला बायका आरशापुढे तासन् तास घालवत. वेंगुर्ल्याहून आलेली पोर मराठी पडद्यावर नायिका झाली. मग हिंदीत गेली आणि तिथे हिरोची बहीण, वहिनी, विधवा आई असं करत करत मरत राहिली. क्षयाने मेली, गोळी लागून मेली, नदीत उडी टाकून मेली. प्रेक्षक दरवेळी रडले. मालिका आल्या तशी ती आजी झाली, आणि मग मालिकांनाही नव्या आज्या मिळाल्या.

त्यांना असं पहिल्यांदा पाहिलं ते सुगंधाने. चाळीस वर्षं ती इरावतीबाईंची हेअरड्रेसर होती. काम संपलं तरी ती भांडुपहून रोज सकाळी यायची, रात्री बाईंना दूध आणि झोपेची एक गोळी देऊन परत जायची. आता ती स्वयंपाकघरात स्टुलावर बसली होती. रडत नव्हती. रागावली होती.

"काल रात्री तुम्ही नव्हता?" संघमित्राने विचारलं.

"भाचीचं डोहाळजेवण होतं चेंबूरला. मी जाणार नव्हते. मिहिरच म्हणाला, जा तू, मी आहे घरी."

"त्यांच्या वागण्यात काही फरक?"

"पंधरा दिवस झाले, केसांना हात लावू देत नव्हती. रंग नको म्हणाली. पांढरे झाले तर होऊ देत. कुंकू सोडलं. जेवण निम्म्यावर आणलं. खोलीचं दार लावून एकटीच पुटपुटायची. मी आत गेले की गप्प."

"तुम्ही विचारलं नाही?"

"विचारलं ना! म्हणाली, सांगेन गं वेळ आली की." सुगंधाचा आवाज चढला. "चाळीस वर्षं हिच्या केसांत हात घातला मी. हिचं लग्न मोडलं ते मला आधी माहीत. मरायचं ठरवलं, आणि मला सांगितलं नाही? मी कोण होते मग?"

संघमित्राने ओट्याकडे पाहिलं. ओटा लखलखीत पुसलेला होता, त्यावर एकच स्टीलचा पेला पालथा घातलेला.

"रात्री त्यांनी फॅमिली ग्रुपवर टाकलेला निरोपाचा व्हिडिओ बघितलात तुम्ही?"

"नाही. आणि बघणारही नाही. जगाला सांगून गेली ती. मला नाही."

बाहेरच्या खोलीत मिहिर वालावलकर बसला होता. इरावतीबाईंच्या बहिणीचा मुलगा, चाळिशीचा, एका कंपनीत नोकरीला. सहा वर्षं मावशीकडेच राहत होता. डोळे लाल होते, पण बोलणं व्यवस्थित.

"रात्री कुठे होतात?"

"ठाण्याला, मित्राकडे. सकाळी सुगंधाचा फोन आला तेव्हा मोबाइल बघितला. मावशीने फॅमिली ग्रुपवर व्हिडिओ टाकला होता, रात्री साडेअकराला. मी झोपलो होतो हो, बाकीचेही. वाट लागली सगळी."

"सुगंधाबाईंना तुम्ही घरी थांबतो म्हणाला होतात."

"मित्राने ऐन वेळी बोलावलं. मावशीच म्हणाली, जा रे, मी काय लहान आहे?"

"व्हिडिओ त्यांनी एकट्यानेच केला?"

"मोबाइल स्टँडवर लावता यायचा तिला. मी हे पहिल्यांदा बघितलं ते आज सकाळी. गोळ्या मीच आणून द्यायचो महिन्याच्या. त्याचंच वाईट वाटतंय."

संघमित्राने व्हिडिओ पाहिला. एका श्वासाच्या मध्यावरच तो सुरू होत होता. इरावतीबाई पलंगाच्या कडेवर बसलेल्या. आवाज खणखणीत, पण थकलेला. "कुणाला दोष देऊ नका. मी थकले. दाराकडे बघत बसायचं, कुणी येईल म्हणून, ते आता होत नाही. दिवा मालवते मी." मग त्या गप्प झाल्या. बराच वेळ गप्प. शेवटी नजर मोबाइलच्या जरा वर गेली, ओठांचा एक कोपरा हलला, आणि चित्र तुटलं.

शिवदासने डोळे पुसले. संघमित्रालाही गलबलून आलं. मरतानाही हसायचा प्रयत्न केला बाईने, असं तिला वाटलं.

खाली सोसायटीचे सेक्रेटरी यज्ञेश कर्णिक भेटले. "वाईट झालं," ते म्हणाले आणि क्षणभर थांबून पुढे बोलले. "खोटं कशाला बोलू? रिडेव्हलपमेंटला सगळे तयार आहेत, त्या एकट्या नव्हत्या. म्हणायच्या, माझ्यानंतर काय ते पाडा. मिहिरने समजावलं, मी समजावलं. सगळ्यांनी हात टेकले."

"आणि आता?"

"आता मिहिरच वारस. त्याची काही हरकत नाही."

हे संघमित्राने ऐकलं, पण मुंबईत निम्म्या घरांत हेच चालू असतं. त्यासाठी कुणी कुणाला मारत नाही, असं तिने स्वतःला समजावलं. खरं म्हणजे तिला झोप हवी होती. शवविच्छेदनात गोळ्या निघाल्या, दूध निघालं. वर्तमानपत्रांत 'नैराश्यातून अखेर' असं छापून आलं. मोबाइल सील करून कपाटात गेला. आता व्हिडिओतली बाई इरावतीबाईच आहे, एवढं ओळखीच्या माणसाकडून लिहून घेतलं की प्रकरण मिटलं.

त्यासाठी तिसऱ्या दिवशी सुगंधाला ठाण्यात बोलावलं.

"मला नाही बघायचं," ती आल्या आल्या म्हणाली.

"मावशी, मलाही दाखवायचं नाहीये. पण सही लागते. एकदाच बघा."

सुगंधाने पदर तोंडाला लावला आणि बघितलं. बोलणं संपलं. शांतता आली. ओठांचा कोपरा हलला. चित्र तुटलं.

सुगंधाने पदर खाली घेतला. "पुढचं कुठाय?"

"पुढचं काय?"

"पुढचं! हसली असेल ना ती. हे काय, हसायला लागली तिथेच तोडलंय."

"मावशी, नीट सांगा. का हसली असेल?"

"अहो, मरणाचा शॉट आहे ना हा!" सुगंधा वैतागून म्हणाली, जणू समोरच्या बाईला एवढंही कळू नये. "मरणाचा शॉट दिला की कॅमेरा बंद व्हायच्या आत कॅमेऱ्याकडे बघून हसायचं असतं. फोटोला हार घातलेला सीन असला तरी हसता फोटो काढून घेतात. नाहीतर ते मरण अंगाला चिकटतं म्हणतात. ताई तर हसल्याशिवाय सेटवरून उठायचीच नाही. एकदा कॅमेरामनने घाईत बंद केला, तर हिने पुन्हा सगळे लाइट लावायला लावले."

बोलता बोलता ती थांबली. आपण काय म्हणालो ते तिला तेव्हा कळलं.

"खरोखर मरणारी बाई कशाला हसेल, मॅडम?"

संघमित्राची झोप उडाली. तीन दिवस आपण डोळे मिटून काम केलं, या विचाराने तिला स्वतःचीच लाज वाटली. तिने कपाट उघडायला लावलं आणि शिवदासला मोबाइलसमोर बसवलं.

"डिलीट केलेले व्हिडिओ लगेच जात नाहीत ना रे?"

"महिनाभर राहतात मॅडम, आतल्या कचऱ्यात. कुणी मुद्दाम तिथूनही काढले नाहीत तर."

"बघ."

संध्याकाळी ती पुन्हा तीन मजले चढली. मिहिर होता, सुगंधा होती, कर्णिकांनाही बोलावलं होतं. शिवदास दारात उभा राहिला.

"कागदपत्रं राहिलीत का काही?" मिहिरने विचारलं.

"एक शंका राहिली होती," संघमित्रा खुर्चीत बसत म्हणाली. गुडघा दुखत होता. "टेबलावर गोळ्यांची तीन पाकिटं होती. पाणी नव्हतं. पेला नव्हता. एवढ्या गोळ्या बाईंनी कशाबरोबर घेतल्या?"

"दुधाबरोबर. तुमच्याच रिपोर्टमध्ये आहे."

"मग पेला धुऊन, ओट्यावर पालथा घालून, ओटा पुसून त्या मरायला जाऊन झोपल्या?"

"ताईने जन्मात स्वतःचा पेला धुतला नाही," सुगंधा म्हणाली.

मिहिर खिडकीकडे वळला.

"आम्ही सगळ्यांनी एकच चूक केली," संघमित्रा पुढे म्हणाली. "केस पांढरे ठेवले, म्हणजे जगण्यातलं मन उडालं. कुंकू सोडलं, जेवण कमी केलं, एकट्या पुटपुटायला लागल्या, म्हणजे नैराश्य. एखादी साधी बाई असती तर ते खरंही असतं. पण ही नटी होती. नटी केस कधी पांढरे होऊ देते? भूमिकेला हवे असले की. जेवण कधी कमी करते? कॅमेऱ्यापुढे खंगलेलं दिसायचं असलं की. दार लावून पुटपुटते कधी?"

"पाठांतर," सुगंधा हळूच म्हणाली. तिचा हात तोंडावर गेला. "अगं बाई. पाठांतर करत होती ती."

"हो. पंधरा दिवस त्या मरायची तयारी करत नव्हत्या. काम करत होत्या. हल्ली ऑडिशन मोबाइलवर घरूनच पाठवतात. आयुष्य संपवणाऱ्या एकट्या म्हातारीची भूमिका आहे, असं त्यांना कुणीतरी सांगितलं. आणि हेही सांगितलं असणार की पक्कं होईपर्यंत सुगंधाला बोलू नकोस, दृष्ट लागेल."

"कुणीतरी म्हणजे कोण?" मिहिरने विचारलं. "त्यांना कितीतरी लोक फोन करायचे."

"व्हिडिओच्या शेवटी त्यांची नजर मोबाइलच्या वर जाते. मी समजले, शून्यात बघतायत. पण त्या माणसाकडे बघत होत्या. मोबाइल धरून उभ्या असलेल्या माणसाकडे."

"ह्याला काही पुरावा?"

"मिहिर, तुम्ही मावशीच्या घरात सहा वर्षं राहिलात, पण तिचा धंदा तुम्हाला कळला नाही. ती शेवटी हसली तेव्हा तुम्हाला वाटलं, म्हातारीने शॉट बिघडवला. म्हणून तुम्ही तेवढा भाग कापलात. आधीचा, नाव-वय सांगितलेला भागही कापलात. उरलेला ठेवून मूळचा पुसलात. पण तो मोबाइलच्या कचऱ्यात तसाच पडला होता."

तिने शिवदासकडे पाहिलं. त्याने आपल्या मोबाइलवर उतरवून घेतलेला व्हिडिओ लावला.

"मी इरावती सामंत," आवाज आला. "वय त्र्याहत्तर. मान दोन्हीकडे वळवायची ना रे?" मग ते सगळं बोलणं. मग शांतता. ओठांचा कोपरा हलला आणि या वेळी चित्र तुटलं नाही. इरावतीबाई कॅमेऱ्याकडे बघून मनापासून, दात दाखवून हसल्या. "झालं? चांगलं झालं का रे? पुन्हा घेऊ या का?"

"मस्त झालं मावशी. कट," मिहिरचा आवाज म्हणाला.

कर्णिक एक पाऊल मागे सरकले, मिहिरपासून दूर.

"हा व्हिडिओ पहिल्यांदा सकाळी पाहिला म्हणालात," संघमित्रा म्हणाली. "तो त्या जायच्या चार दिवस आधीचा आहे. त्या रात्री सुगंधाला तुम्ही बाहेर पाठवलंत, दुधात गोळ्या कालवल्यात, त्या झोपल्यावर त्यांच्याच फोनवरून कापलेला व्हिडिओ पाठवलात आणि सवयीने पेला धुतलात. ठाण्याचा तुमचा मित्र दुपारी सगळं बोललाय. तुम्ही त्याच्याकडे पोहोचलात ते मध्यरात्र उलटल्यावर."

मिहिर सोफ्यावर बसला. त्याने सुगंधाकडे बघणं टाळलं.

"तब्येत ठणठणीत होती तिची," तो अखेरीस म्हणाला. "अजून वीस वर्षं जगली असती ती."

शिवदासने त्याला दंडाला धरून उठवलं.

पोलीस ठाण्यात त्याने उरलेलं सांगितलं. मालिका नव्हतीच. कुणी निर्माता नव्हता, कुणी दिग्दर्शक नव्हता. मावशीच्या जुन्या भूमिकांमधली वाक्यं जोडून त्याने ते बोलणं लिहिलं होतं. कागद हातात दिला तेव्हा ती रडली होती, असंही तो म्हणाला. आनंदाने.

दुसऱ्या दिवशी संघमित्रा सुगंधाकडे भांडुपला गेली. जायची गरज नव्हती. जबाब झाला होता, सह्या झाल्या होत्या. सुगंधाने चहा ठेवला आणि समोर बसली. तिचा राग उतरला होता, आणि राग गेल्यावर हातात काही उरलं नव्हतं.

"म्हणजे ती मला सोडून गेली नाही," ती म्हणाली.

"नाही."

"पक्कं झाल्यावर सांगणार होती मला."

"सगळ्यात आधी तुम्हालाच सांगितलं असतं."

सुगंधाने मान हलवली.

"मॅडम, ते काम मिळालं असतं का हो तिला?"

संघमित्राने बावीस वर्षांच्या नोकरीत खूप खोटं ऐकलं होतं. बोलायची सवय कमी होती.

"त्यांना घेतलंच होतं," ती म्हणाली. "परवा फोन येणार होता."

"मोठं होतं काम?"

"मोठं होतं."

सुगंधाने पदर डोळ्यांना लावला आणि चार दिवसांत पहिल्यांदा रडायला लागली. संघमित्रा तिथेच बसून राहिली. चहा गार झाला तरी उठली नाही.