दोरावरचा नववा फास

त्या वर्षी मिठागराची मुकादम मी होते. हाताखाली आठ माणसे, नववी मी. कामात नवे काही नसे. सकाळी झडपा उघडून वाफ्यांत पाणी घ्यायचे, तयार झालेले मीठ ओढून बांधावर राशी लावायच्या, झडपा बंद करून घरी परतायचे.

दोन्ही चंद्र ज्या दिवशी एकाच वेळी मावळतात, त्या दिवशी मात्र दुपारच्या आत निघावे लागे. त्या दिवशी जमिनीतून धुके चढते. त्याला ओल नसते. राशीवरून सरकत गेले तरी मीठ कोरडेच राहते. चार वर्षांपूर्वी दोघेजण त्या धुक्यात बांधावरून बाजूला झाले होते. वाफ्यांतले पाणी गुडघ्याच्या वर जात नाही. नंतर आम्ही एकेक वाफा उपसून पाहिला. दोघे सापडले नाहीत.

म्हणून आम्ही दोर वापरत होतो. त्याला नऊ फास होते. प्रत्येकाने आपल्या फासात मनगट अडकवायचे आणि गावाच्या भिंतीपर्यंत एकामागोमाग चालायचे. भिंतीच्या आत धुके येत नाही. मुकादम सर्वांत शेवटी. कोणी कामावर नसेल तर त्याचा फास गाठ मारून बंद करायचा. का, ते मी कधी विचारले नव्हते. फावडी धुऊन ठेवावीत, तसे ते एक काम होते.

त्या दिवशी धुके दोन तास आधी आले. माझी धाकटी बहीण टोकाची झडप बंद करायला गेली होती. आई गेली तेव्हा ती सहा वर्षांची होती. तेव्हापासून तिला मीच वाढवले. आम्ही छपरीत उभे राहून लोखंडी पट्टी बडवत राहिलो. ती झडप लावायला गेली आहे की नवी घडवायला, असे माझा दीर म्हणाला. कोणी हसले नाही. समोरची तिसरी रास दिसेनाशी झाली, मग दुसरी.

चाळीस वर्षे दोराच्या पुढे चालणाऱ्या काकांनी मनगट अडकवले. आता थांबता येणार नाही, एकीसाठी आठ जणांना अडकवून ठेवायचे का, असे त्यांनी शांतपणे विचारले. मग माझ्या हातातल्या, धाकटीच्या फासाकडे पाहिले.

"पोरी, त्याला गाठ मार."

"येतेय ती, काका. वाटेत गाठेल आपल्याला."

"आली तर माझा फास देईन तिला. पण हा मोकळा ठेवू नकोस."

मी मान हलवली आणि गाठ मारली नाही. उलट तिला सापडावा म्हणून तो फास माझ्या मागे, अगदी शेवटी सोडला.

बांध दोन पावलांएवढा रुंद होता. पुढे चालणाऱ्या दिराची पाठ मला दिसत नव्हती. त्याच्या चपलांचा आवाज तेवढा येत होता. दुसऱ्या वळणानंतर दोर मागून जड झाला.

खुणेप्रमाणे मी दोनदा ओढले. मागून उत्तर आले: एक ओढ, जरा थांबून दुसरी. दुसरी ओढ मुद्दाम उशिरा द्यायची खोड धाकटीचीच. मी हात मागे केला. तिने बोटे धरली. मिठाने चिरलेली, गरम बोटे. ती आली, असे मी पुढे कळवले. काकांपर्यंत निरोप गेला असावा, कारण चाल वाढली.

तेवढ्यात मागून, बऱ्याच दुरून, हाक आली.

"ताई, थांब गं. मला दोर दिसत नाहीये."

दीर थबकला.

"वहिनी," तो हळू आवाजात म्हणाला, "तुमच्या मागे कोण आहे मग?"

माझ्या हातातली बोटे सैल झाली नव्हती.

दोराबाहेरच्या आवाजाला ओ द्यायची नाही, हे आम्हाला लहानपणापासून शिकवलेले. दोरावर जो आहे तो आपला. मी तोच नियम मनात घोकला. तासाभरापूर्वी मीच दुसरा नियम मोडला आहे, हेही मला त्याच क्षणी आठवले.

"ताई, मी बांधावरच आहे. तू नुसता आवाज दे."

आवाज तिचाच होता. घाबरल्यावर शेवटचा शब्द गिळायची तिची सवय होती, तसाच तो गिळलेला.

मागच्या हाताने माझी बोटे किंचित दाबली.

"चला," मी दिराला म्हणाले.

आम्ही चालू लागलो. हाका येत राहिल्या. मग त्या थांबल्या, आणि जवळच उभे राहून बोलावे तसा, अगदी साधा सूर ऐकू आला.

"बरं. मी इथेच थांबते."

भिंतीच्या आत एकेक जण धुक्यातून बाहेर पडला. माझ्यामागून धाकटी आली. केसांत मीठ, ओढणीची कड फाटलेली. भूक लागली आहे म्हणाली. मी तिला सर्वांसमोर मिठी मारली आणि रडले. काका तिच्याकडे बराच वेळ पाहत होते. मग दोर गुंडाळून घरी गेले.

मी शिकलेली बाई आहे. आठवडाभर मी तिला आडून आडून विचारत राहिले. आईच्या आजारपणातल्या गोष्टी तिने नीट सांगितल्या, एक तर मी विसरलेली. गुडघ्यावरचा व्रण जागच्या जागी होता.

धुक्यानंतर मी बांधावर गेले होते. टोकाची झडप नीट लावलेली होती. तिथून निघालेली अनवाणी पावले दुसऱ्या वळणापर्यंत आली होती. तिथे दोन्ही पावले शेजारी शेजारी, चिखलात खोल रुतलेली होती. पुढे अनवाणी पाऊल एकही नव्हते.

पुढच्या वेळी दोन्ही चंद्र एकत्र मावळले, तेव्हा मी कोणालाच कामावर नेले नाही. दुपारी आम्ही दोघी घरात भाजी निवडत बसलो होतो. गावाच्या भिंतीपलीकडून हाक आली. आवाज बसलेला होता.

"ताई."

मी उठले. दारापर्यंत गेले.

"ओ देऊ नकोस," मागून धाकटी म्हणाली. ती भाजी निवडतच होती. "दमली की थांबते ती."