टॅमरॅकच्या बर्फावरच्या रेघा

टॅमरॅक फॉल्सच्या हॉकी संघाचा इतिहास म्हणजे बव्हंशी हरण्याचाच इतिहास. लोखंडाच्या खाणीतल्या माणसांनी १९२१ साली हा संघ काढला. कामाची पाळी संपली की तोंडावरची लाल धूळसुद्धा न धुता ते गोठलेल्या तळ्यावर उतरत. पुढं छपराखालचं मैदान झालं, खेळाडूंना पगार मिळू लागला, आणि संघ धंदेवाईक हॉकीच्या सगळ्यात खालच्या पायरीवर जो बसला तो तिथंच मुक्काम ठोकून राहिला. वर चढणारी पोरं इथं एखादा हिवाळा काढत, उतरणीला लागलेली शेवटचा. पण गावाला त्याचं काही नव्हतं. शनिवारी दुपारी दुकानांना कुलपं लागत, आणि लग्नाची तारीख धरताना पाद्री आधी सामन्यांचं वेळापत्रक बघत.

१९७८चा हिवाळा लागेपर्यंत संघ, गेला हंगाम धरून, ओळीनं चौदा सामने हरला होता. संघ चालवणाऱ्या मंडळानं सांगून टाकलं, यंदा पहिल्या चारांत आला नाहीत तर वसंतात संघ बंद.

मैदानाचा बर्फ आर्वो साल्मेलाच्या ताब्यात होता. बावीस वर्षं तो रोज संध्याकाळी यंत्रावर बसून बर्फ खरवडायचा, वर गरम पाण्याचा पातळ थर सोडायचा, आणि आरशासारखा घोटलेला बर्फ बघून कुलूप लावायचा. मोजून मापून चालणारा माणूस. बर्फाला भोक पाडून जाडी मोजायचा आणि वहीत लिहायचा. बायको मिल्का म्हणायची, "माझा वाढदिवस विसरशील, पण गेल्या मंगळवारी बर्फ किती जाड होता ते झोपेतही सांगशील."

डिसेंबरच्या पहिल्या शनिवारी सकाळी सातला त्यानं कुलूप काढलं, दिवे लावले. बर्फावर रेघ होती.

स्केटच्या पात्यांची जोडरेघ. डाव्या कोपऱ्यातून निघालेली, गोलच्या मागून वळसा घेऊन पुढं आलेली, आणि तिथंच थांबलेली. कुणी पोरटं खिडकीतून शिरलं असेल, म्हणून आर्वोनं सगळ्या खिडक्या तपासल्या. कड्या आतून लागलेल्या होत्या आणि काचांवर बाहेरून न मोडलेला हिमाचा थर होता. त्यानं यंत्र फिरवलं, रेघ गेली.

दुपारी सामन्याच्या शेवटच्या मिनिटाला कप्तान वेंडेल प्रुस डाव्या कोपऱ्यातून निघाला, गोलच्या मागून वळसा घेऊन पुढं आला आणि त्यानं रबरी चकती गोलात सारली. वेंडेल चौतीस वर्षांचा, दोन्ही गुडघ्यांनी कामातून गेलेला. संघ जिंकला. लोकांना आरडाओरड कशी करायची याचाही विसर पडला होता, ते आधी नुसतेच एकमेकांकडे बघत राहिले.

पुढच्या शनिवारी दोन जोडरेघा होत्या, आणि त्यांच्यामध्ये चकती घासल्याचा पुसट काळा ओरखडा. आर्वोनं प्रशिक्षक ब्रुनो कार्लेत्तीला फोन करून बोलावून घेतलं. ब्रुनो पायजम्यावर कोट चढवून आला आणि कठड्याला टेकून बराच वेळ बघत राहिला.

"तू केलंस हे?"

"माझं वय बावन्न आहे, ब्रुनो. मला असं वळता आलं असतं तर मी यंत्रावर बसलो असतो का?"

"मग कुणी केलं?"

"दाराला कुलूप होतं."

ब्रुनोनं खिशातून सिगारेटचं पाकीट काढून त्याच्या मागच्या बाजूवर रेघा उतरवून घेतल्या. "हा पास मागं दिलाय बघ. सगळे पास मागंच. माझा बाप असं खेळायचा. पुढं पास देणं तेव्हा नियमातच बसत नव्हतं." मग तो आर्वोकडे वळला. "मिल्काला सांगितलंस?"

"नाही."

"सांगू नकोस. मीही घरी सांगणार नाही."

त्या दुपारी पोरांनी तीच चाल खेळली. समोरच्या संघानं असलं काही जन्मात पाहिलेलं नव्हतं. पाच गोल झाले.

मग गावाला आनंदाचं भरतंच आलं. दर शनिवारी सकाळी रेघा असायच्या, तीन जणांच्या, चार जणांच्या, आणि जानेवारीपासून पुऱ्या पाच जणांच्या. दर शनिवारी ब्रुनो कॉफीचा थर्मास घेऊन यायचा आणि पुठ्ठ्यावर चाल उतरवून घ्यायचा. बेकरीवाली अक्रोडाचे गोड रोट सामन्याला फुकट वाटू लागली. दोन शेजारी एका कुंपणापायी अकरा वर्षं बोलत नव्हते, ते एका घोंगडीत बसून सामना बघू लागले. वेंडेल रस्त्यानं निघाला की म्हाताऱ्या त्याला थांबवून गुडघ्याला चोळायची मलमं देत. "तीन डबे झाले," तो आर्वोला म्हणाला, "आता अंगाला मेंढीचा वास येतो. बचावपटू आपोआप लांब सरतात."

आर्वोही खूश होता. फक्त एक गोष्ट त्याच्या मनातून जात नव्हती. स्केटचं पातं फिरलं की बर्फाचा बारीक भुगा उडतो, रेघेच्या कडेला पडतो. या रेघांना भुगा नव्हता. शिवाय एकही रेघ दारापासून सुरू होत नव्हती. सगळ्या बर्फाच्या मधूनच निघत आणि बर्फाच्या मध्येच संपत.

संघ पहिल्या चारांत आला, उपांत्य फेरी जिंकला. अंतिम सामना मार्चमधल्या शनिवारी, घरच्या मैदानावर, दुपारी दोनला होता.

त्या सकाळी चाल नव्हती.

मैदानाच्या मध्यातून पाच जोडरेघा निघाल्या होत्या आणि सरळ कडेच्या फाटकाशी आल्या होत्या. तिथं त्या थांबल्या होत्या. दहा पाती शेजारी शेजारी, टोकं लाकडाला टेकलेली.

"ही कसली चाल?" ब्रुनोनं विचारलं.

"चाल नाही ही," आर्वो म्हणाला. "उभे आहेत."

ब्रुनोनं थर्मासचं झाकण पुन्हा लावलं. "पुसून टाक. आज पोरं आपलं आपण खेळतील."

आणि पोरं खेळली. तीन महिन्यांत ती मागं पास देणं शिकली होती, पुढं देणं विसरली नव्हती, आणि हरायची सवय मोडली होती. चार-तीन. चौथा गोल वेंडेलनं पोटावर घसरत जाऊन केला आणि तो उठलाच नाही, तिथंच पडून हसत राहिला. अडीच हजार माणसं उभी राहिली. म्हातारे खाणकामगार टोप्या काढून रडत होते. कडेच्या फाटकापाशी आर्वो उभा होता. बूट घालून कुणाला बर्फावर सोडायचं नाही, हा त्याचा बावीस वर्षांचा नियम. त्यानं कडी काढली आणि फाटक सताड उघडलं.

"जा," तो म्हणाला, "उद्या बघू बर्फाचं."

पहिलं माणूस आत शिरण्याआधी बाहेरच्या दिशेनं एक गार झुळूक त्याच्या अंगावरून गेली. मग गाव लोटलं. मिल्कानं त्याला ओढत आत नेलं आणि दोघं बर्फावर नाचले. ती दोनदा पडली, दुसऱ्यांदा त्याला घेऊन. मंडळाच्या अध्यक्षानं भोंगा हातात घेऊन सांगितलं की संघ राहणार.

गर्दी ओसरू लागली तशी मिल्का पुढं घरी गेली. आर्वो फाटक लावायला वळला. वेंडेल आणि बाकीचे सगळे खेळाडू अजून बर्फावरच होते, लोकांच्या खांद्यांवर. खेळाडूंची खोली डावीकडे होती. फरशीवर स्केटच्या पात्यांच्या ओल्या रेघा होत्या, पण त्या तिकडं वळल्या नव्हत्या. पाच जोड्या सरळ मुख्य दाराकडं गेल्या होत्या, आणि दाराबाहेर रस्त्यावरच्या हिमात, माणसांच्या बुटांच्या ठशांमध्ये मिसळल्या होत्या.

आर्वोनं फडकं आणून फरशी पुसली.

सहाला तो घरी निघाला तेव्हा आकाश अजून गुलाबी होतं. घराघरांची दारं उघडी होती, अकॉर्डियन वाजत होते, ओळखीचा-अनोळखी न बघता लोक हाताला धरून माणसं आत नेत होते. त्यालाही तीन ठिकाणी खायला घातलं.

मिल्का चुलीपाशी गाणं गुणगुणत होती. परसातल्या लाकडी सौनाच्या, वाफ घ्यायच्या खोलीच्या, धुराड्यातून धूर निघत होता. शनिवारची वाफ त्यांच्या घरी कधी चुकत नसे.

"आलास? टॉवेल घेऊन जा तिकडं," ती म्हणाली. "तू पाठवलेला पाहुणा अर्ध्या तासापासून आत बसलाय."

"कोण पाहुणा?"

"तुझा संघातला असेल. लाजरा आहे, नाव काही सांगेना. दारात उभा होता, तोंडावर खाणीची लाल धूळ तशीच, म्हटलं ये आत. हात इतके गार, विचारू नकोस. म्हणाला, फार दिवसांत ऊब मिळाली नाही. मी दोनदा लाकडं घातली बघ, तरी म्हणतो अजून घाला."

आर्वो टॉवेल घेऊन परसात आला. धुराड्याचं लोखंड तापून लाल झालं होतं. सौनाच्या छोट्या खिडकीवर आतून बोटभर बर्फ धरला होता.