दिग्दर्शकाने हसायला सांगितलं होतं

सूर्य ढगाआड गेला आणि गव्हर्नरसाहेबांच्या महालातला नाच थांबला. महाल रंगवलेल्या कापडाचा, वर उघडं आकाश. ऊन नाही तर चित्रीकरण नाही! मी अग्निया, मॉस्कोतल्या टोप्यांच्या दुकानातली. नाचाच्या गर्दीत एक बाई कमी पडली म्हणून आले होते.

"सूर्यफुलाच्या बिया?" लष्करी वेशातल्या एका तरुणाने मूठ पुढे केली.

"गव्हर्नरच्या घरी बिया फोडतात वाटतं?"

"गव्हर्नर खोटा, नाच खोटा. बिया तेवढ्या खऱ्या आहेत... घ्या!"

हा तिखोन. मूकपट होता शाळेत सगळ्यांनी वाचलेल्या कादंबरीवर, मेलेल्यांची नावं विकत घेणाऱ्या त्या लबाडाच्या. तीन दिवस ढग हटेनात, आणि आमच्या गप्पा संपेनात.

"उद्या मी दूर सारातोव शहरातल्या नाटक मंडळीत चाललोय," तिसऱ्या दिवशी तो म्हणाला. तेवढ्यात — मेलं ऊन आलं!

दिग्दर्शक कर्ण्यातून ओरडला, "तिखोन, तिच्या कानाशी बोल! काहीही बोल, ऐकतंय कोण? अग्निया, तू खो खो हस आणि मान फिरव!"

कॅमेऱ्याची खडखड, कर्ण्यातला आरडाओरडा... तिखोनचे ओठ हलले. मला एक अक्षर ऐकू आलं नाही. मी खो खो हसले, मान फिरवली. वळून बघते तर स्वारी पांढरीफटक! वाकून नमस्कार केला आणि चालता झाला.

काय बोलला असेल? महिनाभर मला दुसरं काही सुचेना. चित्रपट लागताच फेक्लामावशीला दुपारच्या खेळाला ओढत नेलं. मावशी लहानपणी तापात बहिरी झालेली, ओठ मात्र घडाघडा वाचते.

पडद्यावर आम्ही दोघं आलो. मी तिचा दंड घट्ट धरला.

"म्हणतोय, 'हे नाटक नाही. माझ्याशी लग्न कराल?'" मावशी एवढ्या मोठ्याने म्हणाली की अख्खं थिएटर वळलं. "आणि तू खिदळतेस, भवाने?"

मी तशीच तारघराकडे धावले. सारातोवच्या थिएटरवर तार केली: 'हसायला दिग्दर्शकाने सांगितलं होतं. पुन्हा विचारा.'

चौथ्या दिवशी सकाळी दुकानाच्या पायरीवर तिखोन उभा, अंगभर प्रवासाची धूळ.

"माझ्याशी... लग्न कराल?"

या वेळी काय करायचं ते कुणी सांगितलं नव्हतं. मला रडूच कोसळलं.

"म्हणजे... नाही?" तो घाबरून म्हणाला.

"अरे, हो म्हणतेय, वेड्या!"