देवघरातला समुद्र

स्पर्धा जिंकली तर शलाकाच्या पदरात काय पडणार होतं, ते आधी सांगून टाकू. अँडीज पर्वताच्या सहलीत एक जागा, विमानात खिडकी आणि वर्गातल्या केदारचं उतरलेलं तोंड. तिसऱ्या गोष्टीसाठी ती खिडकीही सोडायला तयार होती.

सन २०६३. नाशिकच्या तिच्या शाळेतल्या या दगडांच्या स्पर्धेची अट एवढीच होती, की कुठल्याही पर्वतरांगेतला दगड आणायचा. केदारने आल्प्सचा मागवला. शलाकाने आजोबांच्या देवघरातला हिमालयाचा शाळिग्राम न विचारता उचलला.

परीक्षक होता ‘पारखी’ नावाचा यंत्रमानव. त्याने शाळिग्राम तपासला.

“वर दूध, दही, मध. आत समुद्री प्राण्याचा ठसा. दगड किनाऱ्यावरचा, मुक्काम स्वयंपाकघरात. तासाभरात खुलासा द्या, नाहीतर नाव कापतो.”

“मी म्हटलंच होतं,” केदार म्हणाला. त्याने काहीच म्हटलं नव्हतं.

शलाकाने घरी फोन लावला. आप्पा, म्हणजे तिचे आजोबा, निवृत्त भूशास्त्रज्ञ. अर्ध्या तासात ते आले.

“देव पळवलास तो पळवलास, पंचामृत तरी धुवायचंस. पूजा राहिली, म्हणून सकाळपासून उपाशी आहे मी.”

मग ते पारखीकडे वळले. “हा मी स्वतः नेपाळात, काली गंडकीच्या पात्रातून उचललाय. समुद्रसपाटीपासून तीन किलोमीटर उंचावर.”

“समुद्री प्राणी तिथे चढला कसा?”

“चढला नाही. चढवला.”

आप्पांनी वर्गातली सतरंजी पसरली आणि मधोमध शाळिग्राम ठेवला. “ही सतरंजी समुद्राचा तळ. टेथिस त्याचं नाव. त्यातला एक प्राणी मेला, गाळात रुतला, त्याचा जीवाश्म (दगडात उरलेला अवशेष) झाला. केदार, ते टोक धर. तू आशियाचा भूपट्ट (पृथ्वीच्या कवचाचा अवाढव्य तुकडा). हलायचं नाही. शलाका, तू भारताचा भूपट्ट. ढकल.”

शलाकाने मनापासून ढकललं. सतरंजीला घड्या पडल्या, मधली घडी वर आली आणि तिच्याबरोबर शाळिग्रामही.

“ही टक्कर पाच कोटी वर्षांपूर्वी सुरू झाली आणि मधला टेथिस मिटून गेला,” आप्पा म्हणाले. “अजून चालू आहे. हिमालय वर्षाला काही मिलिमीटर उचलला जातोय.”

“मग सह्याद्रीतही शंख सापडतील?” केदारने टोक न सोडता विचारलं.

“नाही रे. तो लाव्हाच्या थरांवर थर साचून झालाय. आणि अँडीजला समुद्राखालचा भूपट्ट जमिनीच्या भूपट्टाखाली घुसतो. प्रत्येक रांगेची कुंडली वेगळी.”

पारखीने शाळिग्राम पुन्हा तपासला. “खुलासा मान्य. दगड डोंगराचाच, शिवाय समुद्रातून वर आलेला असा हा एकच. पहिला क्रमांक.”

शलाकाने सोडलेला श्वास मागच्या बाकापर्यंत ऐकू गेला. अँडीजला गेल्यावर तिथेही दगड उलटून बघायचे, हे तिने तिथेच ठरवलं.

आता कोणाला काय मिळालं ते बघा. शलाकाला खिडकी, हिमालयाला उंची, केदारला थोडा वेळ का होईना, आख्खा आशिया. याची किंमत मोजली दोघांनीच: एका समुद्राने स्वतःला संपवून आणि आप्पांनी सकाळचे पोहे घालवून.