शेगडीतला कोल्हा

"मास्तरांचं रीळ जळलं!" निरोप आला आणि फौजदार त्सुबाकी न्याहारी टाकून क्योतोच्या त्या गल्लीत धावले. स्टुडिओच्या दारात त्यांनी सिगारेट तोंडात धरली, तर कॅमेरावाल्या ओगिनोने ती हिसकावूनच घेतली.

"बाहेर! इथे काडीसुद्धा ओढायची नाही. फिल्मला ठिणगी लागली की छपरासकट आम्ही आभाळात."

पोटात चहा नाही आणि आता हेही नाही. त्सुबाकींचं डोकं फिरलं.

फिल्म जिथे कधी आणत नसत, त्या मागच्या बैठकीच्या खोलीत कोळशाच्या शेगडीत राखेचा ढीग होता. शेजारी फिल्मचा रिकामा डबा. हातभर अंतरावरचं कागदी सरकतं दार पांढरंशुभ्र.

कार्टूनपटांचे दिग्दर्शक कुराहाशी मास्तर भिंतीला टेकून बसले होते. आज संध्याकाळी थिएटरमालक चित्र बघणार होता. पसंत पडलं तर पुढचं चित्र, नाहीतर पुन्हा दुकानांच्या पाट्या रंगवणं.

"पुन्हा काढता येणार नाही?" त्सुबाकींनी विचारलं.

"कशावरून काढू? कोल्ह्याचे कागदी तुकडेही गेले! शेपट्या, पाय, तोंडं, सगळं. अमेरिकेची कार्टून पेटारे भरभरून येतात. मी दोन हिवाळे एक कोल्हा सरकवत बसलो, साहेब, आणि त्याचीही राख!"

आग पहिल्यांदा पाहिली रानसुईने. पडद्याशेजारी उभं राहून मूकपट बोलून दाखवणारा हा निवेदक शहरात गाजलेला होता. मांडीवरचं रेशमी गाठोडं तो खाली ठेवत नव्हता.

"काय पाहिलंत?"

"सकाळी तालमीला आलो, तर रीळ शेगडीत धुमसत होतं. हळूहळू, वेटोळं वेटोळं. पाणी आणेपर्यंत संपलं बिचारं. या ओगिनोला विचारा. मास्तर त्याला रोज शिव्या घालतात."

"घालतात," ओगिनो म्हणाला. "मीही घालतो. त्याशिवाय काम होत नाही."

त्सुबाकींनी राख चिमटीत चुरडली.

"ही नुसती कागदाची राख आहे. फिल्म धुमसत नाही, भडकते. इथे रीळ पेटलं असतं तर हे कागदी दार राहिलं नसतं आणि रानसुई, तुमच्या मिश्याही. ओगिनो काडीला घाबरतो. मास्तरांना तर हे पाठच आहे. रीळ कागदासारखं जळतं असं वाटणारा इथे एकच. तुमचा जन्म पडद्यापुढे गेला, मागे कधी डोकावला नाहीत. गाठोडं सोडा."

रेशमातून रीळ निघालं.

"पुढचं चित्र बोलपट करणार म्हणे!" रानसुई ओरडला. "ग्रामोफोनची तबकडी बोलणार. मग मी काय झाडू मारू? हे चित्र पडलं की पुढचं मिळणार नाही. तुकडे नसले की पुन्हा काढता येणार नाही."

"मग रीळ का ठेवलंत?"

"त्या कोल्ह्याला मी आवाज बसवला होता. हात धजला नाही."

कुराहाशी रीळ घ्यायलाही उठले नाहीत.

"तबकडीवर कुणाचा आवाज भरणार होतो मी? तुमचाच. तुम्ही बोलता तेव्हा ओठ कसे हलतात ते बघून नवी तोंडं कापली होती. एवढं आज संध्याकाळी सांगणार होतो. तीच जाळलीत."

रानसुई शेगडीकडे बघत राहिला.

"न्या याला, फौजदार," कुराहाशी म्हणाले. "आज कोल्हा मुकाच राहील."